करार मोडणाऱ्यांचे भय

मेलेल्या माणसाची वासना अपुरी राहिली म्हणजे त्याचा आत्मा आपल्याच घराच्या आढ्याशी, नाही तर परसातल्या विहिरीच्या काठाशी घोटाळत राहतो, ही समजूत आम्हा कोकणवासीयांच्या इतकी अंगवळणी पडली आहे की, या भूतलावर कोट्यवधी लोक असे आहेत ज्यांच्या धर्मशास्त्राला अशा भुताचे अस्तित्वच मान्य नाही, हे प्रथम ऐकताना कोणालाही नवल वाटावे. इस्लामी मतानुसार देह सोडलेला जीव कयामतीच्या दिवसापर्यंत बर्झख नामक मधल्या अवस्थेत राहतो, आणि तेथून माघारी येण्याची मुभा कोणालाही नसते. पण मनुष्य म्हटला की त्याला भय हे हवेच. ज्या धर्माने मृतांची वाट अशी कायमची बंद केली, त्याच धर्माने भयाला दुसरे एक दार उघडे ठेवले, आणि त्या दारातून जिन्न आला. तो धूरविरहित अग्नीपासून घडलेला आहे. कुराणाचा ७२वा अध्याय त्याच्याच नावाने ओळखला जातो. तो खातो-पितो, विवाह करतो, त्याला मुलेबाळे होतात, त्याच्यात श्रद्धावान आणि पाखंडी असे दोन्ही पंथ असतात, आणि आयुष्य सरले की तोही मरतो. भूत हा आपला मेलेला नातलग असतो, तर जिन्न हा जिवंत शेजारी असतो. तो दिसत नाही, एवढेच.

शास्त्री नदी जेथे समुद्राला मिळते तेथे, रत्नागिरीच्या उत्तरेस असलेल्या जयगडासारख्या गावात ही दोन्ही शास्त्रे पिढ्यानपिढ्या एकमेकांच्या शेजारी नांदत आली आहेत. एका वाडीत देवचार आणि मुंजा, हडळ आणि गिरा यांची चर्चा चालते, तर मशिदीच्या बाजूच्या मोहल्ल्यात जिन्नाचे नाव दबल्या आवाजात घेतले जाते. आणि दोन्हीकडच्या वृद्ध स्त्रिया तिन्हीसांजेला मोकळ्या केसांनी चिंचेखाली जाऊ नये, असे आपापल्या लेकीसुनांना सारख्याच कळकळीने बजावतात. खवीस नावाचे जे भूत आहे त्याची उत्पत्ती तर एका गावात मुसलमानाच्या मृतात्म्यापासून सांगतात आणि दुसऱ्या गावात निराळ्याच जातीपासून. धर्मशास्त्राने नाकारलेली वस्तू लोकव्यवहाराने किती सहजपणे पदरात घेतली, याचा याहून बोलका दाखला शोधावयास नको. म्हणूनच तुर्कस्तानातील भयपटांचा विचार जयगडच्या बंदरावरून करणे मला मुळीच अस्थानी वाटत नाही. उलट ज्याने केवळ पाश्चात्त्य भयपट पाहिले आहेत त्याच्यापेक्षा कोकणातल्या माणसाला ते अधिक लवकर कळतील, अशी माझी खात्री आहे.

तुर्की चित्रपटसृष्टीने आपल्या घरचे भय ओळखावयास फार विलंब लावला. १९५३ साली मेहमेत मुहतार यांनी ‘द्राकुला इस्तंबूलदा’ हा चित्रपट काढला, तो अली रिझा सेयफी यांच्या १९२८ सालच्या कादंबरीवरून. आणि ती कादंबरी इंग्रजी ड्रॅक्युलाचेच तुर्की रूपांतर होती. आतिफ काप्तान यांनी रंगवलेल्या त्या रक्तपिपासू सरदाराला पिटाळण्यासाठी लसूण आहे, पण क्रूस नाही, कारण क्रूसाला भिणारे पिशाच्च इस्तंबूलच्या प्रेक्षकाला कसे पटणार? एकवीस वर्षांनी, म्हणजे १९७४ साली, मेतिन एर्कसान यांनी ‘शेयतान’ काढला. हे एर्कसान म्हणजे कोणी सामान्य असामी नव्हे. त्यांच्या ‘सुसुझ याझ’ या चित्रपटाला १९६४ साली बर्लिनच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले होते. तरीही ‘शेयतान’ हा ‘द एक्झॉर्सिस्ट’ या अमेरिकन चित्रपटाची प्रसंगानुप्रसंग नक्कल होऊन बसला. पाद्र्याच्या जागी मुसलमान धर्मज्ञ आणि पवित्र तीर्थाच्या जागी झमझमचे पाणी, एवढा पालट करून बाकी सारे तसेच ठेवले, संगीतही तेच. भूतबाधेचे सोपस्कार बदलले, पण बाधा परकीयच राहिली.

असे का व्हावे? १९७२ च्या सुमारास वर्षाकाठी तीनशेच्या घरात चित्रपट काढणाऱ्या देशाला भयकथेची वाण नव्हती. माझ्या मते याचे एक कारण त्या देशाच्या राज्यकारभारात शोधले पाहिजे. मुस्तफा कमाल यांच्या नव्या प्रजासत्ताकाने ३० नोव्हेंबर १९२५ रोजी ६७७ क्रमांकाचा कायदा करून दर्ग्यांची आणि फकिरांच्या मठांची दारे बंद केली, आणि त्याच कायद्याच्या एका कलमान्वये फुंकर घालून रोग बरे करणारे, ताईत लिहून देणारे, भविष्य सांगणारे आणि जादूटोणा करणारे यांच्या धंद्यावरही बंदी घातली. जी गोष्ट सरकारने मागासलेपणाची खूण म्हणून दफ्तरदाखल केली, ती पडद्यावर गांभीर्याने मांडण्याचे धाडस शहरी, सुशिक्षित दिग्दर्शकाला दीर्घकाळ झाले नाही. जिन्न खेड्यात राहिला, स्वयंपाकघरात राहिला, आजीच्या तोंडी राहिला. चित्रपटगृहात त्याला मज्जाव होता. आपल्याकडे महाराष्ट्रात २०१३ साली, डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या हत्येनंतर, नरबळी, अघोरी प्रथा आणि जादूटोणा यांना प्रतिबंध करणारा कायदा आला, तेव्हा तुर्की कायद्याला अठ्ठ्याऐंशी वर्षे लोटली होती. आपला कायदा पिळवणुकीला आणि क्रौर्याला हात घालतो, श्रद्धेला नव्हे, आणि हा भेद मला मोलाचा वाटतो. कारण समजुतीला हुकमाने गप्प बसवले, म्हणजे ती विझत नाही, नुसती तळघरात जाऊन बसते.

ते तळघर उघडले ते एकविसाव्या शतकाच्या आरंभी. २००४ साली ओरहान ओउझ यांचा ‘ब्युयू’, म्हणजे जादूटोणा, प्रदर्शित झाला, आणि २००६ साली हसन काराजादा या दिग्दर्शकाचा ‘दाब्बे’ आला. काराजादा हे जपानमध्ये शिकलेले, त्यामुळे पहिल्या ‘दाब्बे’वर जपानी भयपटांची छाया स्पष्ट दिसते. पण चित्रपटाचे नाव मात्र त्यांनी कुराणात अंतकाळाचे चिन्ह म्हणून सांगितलेल्या, भूमीतून प्रकट होणाऱ्या प्राण्यावरून घेतले होते, आणि पुढची दिशा त्या नावाने ठरवली. २००७ साली आल्पेर मेस्तची यांचा ‘मुसाल्लात’, २००८ साली काराजादा यांचाच ‘सेमुम’, २०१४ साली मेस्तची यांचा ‘सिज्जीन’, अशी ही रांग लागली. सेमुम ही जिन्नांच्या निर्मितीची दाहक ज्वाला, तर सिज्जीन ही पाप्यांच्या कर्मांची नोंद ठेवणारी वही. ही नावे वाचताच तुर्की प्रेक्षकाला आपल्या मक्तबातल्या, म्हणजे कुराणशाळेतल्या, पाठांतराची आठवण होते, आणि भय पडदा उघडण्यापूर्वीच अर्धे काम करून बसते.

या चित्रपटांतील भयाला एक रीतसर कायदा आहे. जिन्न विनाकारण कोणाच्या वाटेला जात नाही. त्याच्या मुलाबाळांवर कोणी न सांगता उकळते पाणी ओतले, त्याच्या ठिकाणावर घाण केली, त्याने राखलेले धन उकरले, किंवा कोणी आपल्या द्वेषापायी त्याला मांत्रिकाकरवी कामाला जुंपले, तरच तो माणसांच्या हद्दीत शिरतो. म्हणून अनातोलियातील बाई गरम पाणी फेकण्यापूर्वी मोठ्याने ‘देस्तूर’ म्हणून परवानगी मागते, आणि रात्री त्याचा उल्लेख करावयाचा झाल्यास ‘ती तीन अक्षरांची मंडळी’ एवढेच म्हणते, जसा आमच्याकडे दिवेलागणीनंतर सापाला कोणी साप म्हणत नाही, जनावर म्हणतो. ‘सिज्जीन’मधली ओझ्नुर आपल्या नात्यातल्या एका विवाहित पुरुषाच्या प्रेमात पडते आणि त्याच्या बायकोवर करणी करवते. मांत्रिकाच्या अंधाऱ्या खोलीत ती जो व्यवहार ठरवते तो एखाद्या सावकाराशी केलेल्या खताइतका तपशीलवार असतो: नाव कोणाचे, वस्तू कोणत्या, मुदत किती. पुढे जे अघोर घडते त्याला सुरुवात त्या खोलीतल्या मत्सराने झालेली असते, आणि घराची राखरांगोळी होते तेव्हा प्रेक्षकाचे डोळे जिन्नाकडे न जाता ओझ्नुरकडे वळतात. जिन्न हा या चित्रपटांत बहुधा केवळ अंमलबजावणी करणारा शिपाई असतो. फिर्यादी आणि आरोपी दोन्ही माणसेच असतात.

कोकणातील भुतांचा कारभारही असाच आहे, किंबहुना त्यांचे दफ्तर अधिक पद्धतशीर आहे. आर. ई. एन्थोवेन यांनी १९१५ साली कोकणच्या लोकसमजुतींचा जो इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला, त्याची मूळ सामग्री नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांनी गावोगावच्या शाळामास्तरांकडून प्रश्नावलीची उत्तरे मागवून जमवलेली होती. २१ डिसेंबर १९०९ रोजी विजयानंद नाट्यगृहात जॅक्सन यांचा वध झाल्यामुळे ते काम एन्थोवेन यांच्याकडे आले. त्या पानांतून भुतांची जात, पोटजात, हद्द, आवडता नैवेद्य, कोणत्या वारी कोणाला त्रास होतो, सारे काही महसुली नोंदीच्या काटेकोरपणाने उतरले आहे. सोडमुंज होण्यापूर्वी मेलेला बटू मुंजा होऊन पिंपळावर राहतो. जागेचा राखणदार वर्षाचा मान मिळाला तर वाट चुकलेल्याला घरी आणून सोडतो, आणि मान चुकला तर गुरे आडवी पाडतो. वर्षाच्या ठरल्या दिवशी गावचा मानकरी नारळ हातात घेऊन उभा राहतो, बारापाचाच्या देवस्थानांना, सीमेवरच्या अधिपतींना एकेक करून हाक मारतो, गतसाली काही चूकभूल झाली असेल ती पदरात घ्या, लेकराबाळांची, गुराढोरांची राखण करा, असे गाऱ्हाणे घालतो, आणि प्रत्येक वाक्याला जमलेली मंडळी ‘व्हय म्हाराजा’ म्हणून रुकार देतात. हे सारे ऐकताना मला प्रार्थनेपेक्षा दर साली नव्याने होणाऱ्या तहनाम्याचा भास अधिक होतो. ज्यांच्याशी तह आहे ते अदृश्य आहेत, परंतु तहाची कलमे उभय पक्षांना तोंडपाठ आहेत.

या दृष्टीने पाहता मला ‘मुसाल्लात’ हा त्या सर्वांत मोठा चित्रपट वाटतो. सुआत आणि नुरजान यांचे खेड्यात लग्न होते, आणि सुआत कमाईसाठी जर्मनीला जातो. बर्लिनच्या एका परक्या खोलीत त्याला कोणी तरी पछाडते. कामावर लक्ष लागत नाही, झोप लागत नाही, मित्र त्याला मायदेशी परत नेतात. तेथे एका ज्ञानी होजासमोर, म्हणजे धर्मगुरूसमोर, हळूहळू जे उलगडते ते असे की, नुरजानवर अनुरक्त झालेला एक जिन्न सुआतच्या गैरहजेरीत त्याचेच रूप घेऊन तिच्या घरी येत होता, आणि आपला पतीच परत आला आहे अशा समजुतीने तिने त्याला घरात घेतले होते. या कथेत आरडाओरडा आहे, विद्रूप मुखवटे आहेत, पण तिचा गाभा अत्यंत करुण आहे. ३० ऑक्टोबर १९६१ रोजी जर्मनी आणि तुर्कस्तान यांच्यात मजूरभरतीचा करार झाला तेव्हापासून लाखो तुर्की पुरुष परदेशी गेले, आणि त्यांच्या मागे घरे, शेते आणि वाट पाहणाऱ्या स्त्रिया राहिल्या. दूर गेलेल्या पुरुषाच्या मनात जो एकच प्रश्न रात्री-अपरात्री उठतो, आणि जो तो कोणालाही विचारू शकत नाही, त्या प्रश्नाला मेस्तची यांनी जिन्नाचा देह दिला.

हा प्रश्न आमच्या किनाऱ्याला अपरिचित नाही. जयगड, दाभोळ, हर्णै या बंदरांतल्या मोहल्ल्यांतून खलाशी म्हणून मुंबईच्या गोदीत आणि तेथून आगबोटींवर गेलेल्या पुरुषांच्या कित्येक पिढ्या होऊन गेल्या, आणि १९७० नंतर आखातातल्या तेलाने त्यांच्या मुला-नातवांना ओढून नेले. इतर वाड्यांतले पुरुष गिरणीत गेले आणि चाकरमानी झाले. घरात राहिलेल्या तरुण सुनेला ताप आला, तिने जेवण सोडले, ती एकटीच बडबडू लागली, म्हणजे मोहल्ल्यात ‘आशिक जिन्न’ लागल्याची कुजबुज होते आणि वाडीत बाहेरची बाधा झाल्याची. विरहाने, कामाच्या ओझ्याने आणि सासरच्या पहाऱ्याने पिचलेल्या त्या स्त्रीला आपले दुःख आपल्या नावाने सांगता येत नाही. ते जिन्नाच्या तोंडून मात्र घरातल्या कोणालाही ऐकवता येते. तिच्या अंगात आलेली शक्ती सासूला शिवी देते, जेवण मागते, माहेरी पाठवा म्हणते, आणि सारे घर हात जोडून ऐकते. माझ्या दृष्टीने या विषयातले खरे मर्म येथे आहे.

तेथेच तुर्की भयपटांविषयी माझी तक्रारही आहे. चित्रपटामागून चित्रपट पाहावेत, बाधा होते ती स्त्रीलाच. तिचे शरीर हे रणांगण, तिच्या किंकाळ्या हे पार्श्वसंगीत, आणि सोडवणारा बहुधा पुरुष. २०१३ सालच्या ‘दाब्बे’मालिकेतील चित्रपटात एक मानसोपचारतज्ज्ञ स्त्री हातात कॅमेरा घेऊन होजाच्या उपचारांची परीक्षा करावयास खेड्यात येते, आणि कथा अशी रचली आहे की शास्त्राचा शेवटी पाडाव व्हावा. कथेपुरते हे क्षम्य असेल. पण ज्या गावातल्या आजाऱ्याला आधी मांत्रिकाकडे आणि फार उशिरा डॉक्टरांकडे नेतात, त्या गावात हा चित्रपट पाहणाऱ्या माणसाचे काय? रत्नागिरीचे मनोरुग्णालय १८८६ पासून रुग्णांवर उपचार करीत आहे, तरीही त्याच्या फाटकाशी पोहोचलेला रोगी कित्येकदा दोरे-ताईत बांधून आणि चटके खाऊन आलेला असतो. आणि तुर्की दिग्दर्शकांना आपल्याच पूर्वजांचा विसर पडावा, याचे मला अधिक दुःख होते. एदिर्ने शहरात सुलतान दुसरा बायझीद याने १४८८ साली जे रुग्णालय उभे केले, तेथे मनोरुग्णांवर संगीताने आणि कारंज्याच्या पाण्याच्या नादाने उपचार होत असत, आणि प्रवासी एव्लिया चेलेबी याने त्याचे वर्णन लिहून ठेवले आहे. त्याच उस्मानी साम्राज्यात पुढे जिंजी होजा, म्हणजे जिन्न उतरवणारा गुरुजी, या नावाने प्रसिद्ध झालेला साफ्रानबोलूचा हुसेन एफेंदी हा सुलतान इब्राहिमच्या मनोव्याधीवर मंत्रतंत्र करीत करीत थेट अनातोलियाच्या कझास्करपदी, म्हणजे न्यायखात्याच्या शिखरावर जाऊन बसला. १६४८ साली सुलतान पदच्युत होताच त्याची अमाप संपत्ती जप्त झाली आणि त्याला ठार मारण्यात आले. त्याने बांधलेली सराई साफ्रानबोलूत आजही उभी आहे. कारंज्यापाशी बसून रुग्णाला बासरी ऐकवणारा हकीम आणि रुग्णाच्या भीतीवर आपली इमारत उभारणारा होजा, या दोघांतला झगडा जो दिग्दर्शक पडद्यावर आणील त्याचा चित्रपट पाहण्यास मी उत्सुक आहे.

धनाच्या राखणीची कथा मात्र तुर्कस्तानात आणि कोकणात जवळजवळ एकाच साच्यातून निघाली आहे. अनातोलियात पूर्वी नांदलेल्या ग्रीक आणि आर्मेनियन कुटुंबांनी जाताना सोने पुरून ठेवले आणि त्यावर जिन्नांचा पहारा बसवला, या समजुतीने आजही लोक रात्री कुदळी घेऊन डोंगर खणतात. आपल्याकडे राही अनिल बर्वे यांच्या २०१८ सालच्या ‘तुंबाड’ने हीच भूक पडद्यावर आणली. भाषा हिंदी असली तरी त्याचे नाव खेड तालुक्यातल्या एका गावाचे, आणि त्याचा पाऊस निखळ कोकणचा. हस्तर हा तेथे पूजेस अपात्र ठरलेला, धान्यासाठी आसुसलेला देव, आणि पिठाची बाहुली टाकून त्याच्या लंगोटीतील मोहरा लांबवणारा विनायकराव हा खरा राक्षस. २०२४ साली आदित्य सरपोतदार यांच्या ‘मुंज्या’ने पिंपळावरच्या बटूला विनोदाच्या अंगाने आणले, लोकांना तो आवडला, पण माझ्या मते विनोदाने त्या अर्धवट राहिलेल्या बालपणाचे दुःख बरेचसे झाकून टाकले.

आणि आता जयगडच्या किल्ल्याविषयी. आदिलशाही अंमलात उभारलेला हा किनाऱ्यावरचा दुर्ग पुढे संगमेश्वरच्या नाइकांकडे, मग कान्होजी आंग्र्यांकडे आणि पेशवाईनंतर १८१८ साली इंग्रजांकडे गेला. त्याच्या बांधणीची जी कथा सांगतात ती अशी की, तट उभारावा आणि तो ढासळावा, असे वारंवार घडू लागले. नरबळी दिल्याखेरीज काम टिकणार नाही असा कौल मिळाला. तेव्हा जयबा नावाचा एक महार तरुण स्वतःहून पुढे आला, त्याला पायात चिणले, तट उभा राहिला, आणि गडाला त्याचे नाव मिळाले. याच स्वरूपाची कथा शतकानुशतके उस्मानी अंमलाखाली असलेल्या बाल्कन मुलखात ठिकठिकाणी आढळते. ग्रीसमधील आर्ताचा पूल उभा राहावा म्हणून मुख्य गवंड्याच्या बायकोला त्यात चिणले. अल्बानियातील श्कोद्राच्या किल्ल्यात तीन भावांपैकी धाकट्याची पत्नी रोझाफा हिला चिणले, आणि तान्ह्या मुलाला पाजता यावे म्हणून तिने भिंतीत तेवढी जागा उघडी ठेवावयास सांगितली. सर्व कथांत बळी जाणारा एक तर नकळत फसवला जातो, नाही तर आनंदाने तयार होतो, असे सांगतात. पण हे सांगणारा कोण? गवंडी, सरदार, किल्लेदार. तिघी जावांपैकी जिच्या नवऱ्याने बायकोला काही न सांगण्याचा शब्द पाळून तिला आधी सावध केले नाही, तीच सापडते. आणि साऱ्या गडकोटात राबणाऱ्या हजारो माणसांपैकी जो गावकुसाबाहेर राहतो, त्याच्याच नावाने कौल मिळतो. ‘स्वतःहून पुढे आला’ या शब्दांवर माझा विश्वास बसत नाही.

‘सिज्जीन’ आणि ‘मुसाल्लात’ काढणाऱ्यांनी जे धैर्य दाखवले, म्हणजे भयाचे मूळ अदृश्याकडून काढून घरातल्या माणसाकडे नेले, ते धैर्य जयबाच्या कथेला अजून मिळावयाचे आहे. मराठी भयपट करणाऱ्या एखाद्या तरुणाने ही कथा हाती घ्यावी आणि तिला तटाच्या बाहेरून न सांगता पायाच्या खड्ड्यातून सांगावी. कौल कोणी मागितला, तो कोणाच्या तोंडून वदवला गेला, त्या रात्री जयबाच्या घरी कोण कोण येऊन गेले, त्याच्या आईला काय देऊ केले आणि तिने ते घेतले की नाही, एवढे चार प्रसंग जरी त्याने प्रामाणिकपणे उभे केले, तरी त्याला कोणत्याही भुताची, कोणत्याही जिन्नाची गरज लागणार नाही.